मित्राच्या माघारी त्याच्या वारसांवर वसुलीचा दावा : कोल्हापूर कोर्टातला माझा अनुभव

जुलै २०१८ मध्ये मी एका जुन्या मित्राला सात लाख रुपये हातउसने दिले. शिवाजी उद्यमनगरात त्याचं छोटं मशीन शॉप होतं. फौंड्रीतून आलेल्या कास्टिंगचं मशीनिंग करून द्यायचं, असं जॉबवर्क. एक जुनी व्हीएमसी (संगणकावर चालणारी कटिंगची) मशीन विकायला निघाली होती आणि त्याचं बँकेचं काम लांबत चाललं होतं. मी नुकताच निवृत्त झालो होतो, ग्रॅच्युइटीची रक्कम खात्यात पडून होती. व्याजाचा विषयच निघाला नाही. पैसे आरटीजीएसने दिले. वचनचिठ्ठी मात्र त्यानेच आग्रहाने लिहून दिली, रुपयाचं रेव्हेन्यू तिकीट लावून त्यावर सही केली. डिसेंबर २०१९ मध्ये त्याने एक लाखाचा चेक दिला. पुढे लॉकडाऊन लागला, जॉबवर्क थांबलं. मे २०२१ मध्ये कोरोनाच्या दुसऱ्या लाटेत आठवड्याभरात तो गेला. सहा लाख यायचे राहिले.

दिवाळीपर्यंत मी गप्प राहिलो. दिवाळीनंतर वहिनींना भेटायला गेलो तेव्हा विषय काढला. त्या बराच वेळ काही बोलल्या नाहीत. मग म्हणाल्या, "भाऊजी, मला ह्यातलं काही म्हणजे काही सांगितलं नव्हतं त्यांनी." त्यात खोटं काही नव्हतं. पण शेजारी बसलेले त्यांचे भाऊ लगेच म्हणाले, "सही दाजींचीच कशावरून?" त्या रात्री मला झोप लागली नाही. पैसे बुडतील याची काळजी होतीच, पण ज्या घरात तीस वर्षं जेवलो त्या घरात आपण आता संशयित झालो, हे जास्त लागलं.

वर्षश्राद्ध होईपर्यंत थांबावं असं माझ्या मनात होतं. फेब्रुवारी २०२२ मध्ये ओळखीतून एका वकील मॅडमकडे गेलो. त्यांनी कागद बघायच्या आधी तारखा विचारल्या. उसन्या पैशांच्या दाव्याला मुदत तीन वर्षांची. मागाल तेव्हा देईन अशी वचनचिठ्ठी असेल तर ती तीन वर्षं चिठ्ठीच्या तारखेपासून धरतात, आपण मागणी केली त्या दिवसापासून नाही. म्हणजे माझी मुदत जुलै २०२१ मध्येच संपली होती. पायाखालची जमीन सरकली. मग त्यांनी सांगितलं की कोरोनामुळे सुप्रीम कोर्टाने १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा काळ मुदतीतून वगळला आहे, आणि ज्यांची मुदत त्या काळात संपली त्यांना १ मार्च २०२२ पासून ९० दिवस मिळतात. शिवाय डिसेंबर २०१९ चा त्याच्या सहीचा एक लाखाचा चेक होता. मुदतीच्या आत कर्जापोटी काही रक्कम दिली आणि त्याचा ऋणकोच्या, म्हणजे कर्ज घेणाऱ्याच्या, सहीचा लेखी पुरावा असला, तर तिथून मुदत नव्याने मोजली जाते. वादपत्रात, म्हणजे दाव्याच्या मूळ अर्जात, त्यांनी दोन्ही मुद्दे घेतले. मे महिन्यात कोर्टाला उन्हाळी सुट्टी लागते, म्हणून दावा एप्रिलमध्येच दाखल करायचा असं ठरलं. वर्षश्राद्धाआधी दावा लावणं माझ्या जिवावर आलं होतं. तुमच्यापैकी कुणी अशाच भिडेखातर थांबलं असेल, तर थांबा हवं तर, पण मुदतीची तारीख आजच काढून घ्या.

वचनचिठ्ठीबद्दल एक गोष्ट इथेच सांगतो. इतर दस्तांवर मुद्रांक कमी पडला तर दंड भरून तो पुराव्यात आणता येतो. वचनचिठ्ठीला ती सवलत नाही. तिकीट नसेल तर ती चिठ्ठी पुराव्यात घेतच नाहीत. मित्राने त्या दिवशी कोपऱ्यावरच्या दुकानातून तिकीट आणलं होतं, त्यावर पुढचं सगळं उभं राहिलं.

मॅडमनी दुसरी गोष्ट समजावली ती या सगळ्याचा गाभा आहे. मयताचं कर्ज वारसांच्या अंगावर येत नाही, ते त्याने मागे ठेवलेल्या मिळकतीवर असतं. वारसांच्या हाती जेवढी मिळकत आली तेवढ्यापुरतीच त्यांची जबाबदारी. वहिनींचा फ्लॅट त्यांच्या स्वतःच्या नावावर होता, त्यांच्या शाळेच्या पगारातून हप्ते फेडलेला. त्याला हात लावता येत नाही. त्यांच्या पगारालाही नाही. विमा आणि प्रॉव्हिडंट फंडाच्या पैशांचा विचारही करू नका, म्हणाल्या. वडिलांचं कर्ज मुलाने फेडायचं हे जुनं धार्मिक बंधनही २००५ च्या दुरुस्तीनंतरच्या कर्जांना लागू नाही. त्यामुळे दाव्याआधी दोनच प्रश्नांची उत्तरं शोधायची. तो काय ठेवून गेला, आणि ते आता कुणाच्या हातात आहे?

हे शोधण्यात माझा मार्च महिना गेला. 'महाभूमी' या सरकारी संकेतस्थळावर डिजिटल सहीचा सातबारा १५ रुपयांत निघतो. पाचगावात त्याच्या नावावर एक प्लॉट असल्याचं मला माहीत होतं, त्याचा उतारा काढला. तलाठी कार्यालयात वारसांची नोंदवही असते, तिला ६-क म्हणतात. तिथे वारस नोंदीचा अर्ज आलेला होता, त्यामुळे वारस कोण हे अधिकृतपणे कळलं. 'आपली चावडी' या सरकारी संकेतस्थळावर फेरफाराच्या, म्हणजे जमिनीच्या नोंदीतल्या बदलांच्या, नोटिसा दिसतात, त्यावर मी नियमित लक्ष ठेवू लागलो. गावाकडची शेती भावाभावांत सामाईक होती, तिचा नाद सोडला.

वारस चार निघाले. वहिनी, लग्न होऊन सांगलीला गेलेली मुलगी, पंधरा वर्षांचा मुलगा आणि मित्राची आई. आई वारस असते हे पुष्कळांच्या ध्यानात येत नाही. हिंदू उत्तराधिकार कायद्यात मुलगा, मुलगी, विधवा आणि आई हे सगळे पहिल्या वर्गाचे वारस आहेत, वडील त्यात नाहीत. ऐंशीच्या घरातल्या त्या आजींचं नाव प्रतिवादी म्हणून लिहिताना मला फार वाईट वाटलं. पण एखादा वारस सुटला तर दाव्यात खोट राहते. आणखी एक घोळ लोक करतात. वारस दाखला आणायची जबाबदारी आपली समजतात. धनकोला, म्हणजे पैसे देणाऱ्याला, मयत ऋणकोच्या वारसांवर दावा लावायला तो दाखला लागत नाही. उलट धनको मयत झाला आणि त्याच्या वारसांना पैसे वसूल करायचे असले, तर त्यांना उत्तराधिकार प्रमाणपत्र लागतं.

पाचवा प्रतिवादी मित्राचा धाकटा भाऊ झाला. पहिल्या वर्गाचे वारस असताना भाऊ वारस नसतो, पण ती व्हीएमसी मशीन त्याने उद्यमनगरातून उचलून गोकुळ शिरगावच्या आपल्या शेडमध्ये नेली होती. मयताच्या मिळकतीत जो हात घालतो तोही कायद्याने 'कायदेशीर प्रतिनिधी' ठरतो, असं मॅडमनी दाखवून दिलं. मशीन खरेदीचं बिल मित्राच्या नावाचं होतं आणि त्याची प्रत माझ्याकडे होती.

मार्चअखेर रजिस्टर पोस्टाने नोटीस गेली. वचनचिठ्ठीत व्याज लिहिलेलं नसलं तरी कायद्यात त्यावर १८ टक्के दर सांगितला आहे, ते मागूया असं मॅडम म्हणाल्या. मी नको म्हटलं. मूळ रक्कम आणि दाव्यापासून कोर्ट देईल ते व्याज, एवढंच मागितलं. नोटिशीत 'तुमच्या हाती आलेल्या मयताच्या मिळकतीच्या मर्यादेत' हे शब्द मी आवर्जून घालायला लावले. उत्तर आलं ते छापील साच्यातलं. कर्ज माहीत नाही, सही नाकबूल, मिळकत काही आली नाही, वादी बेकायदा सावकारी करतो.

एप्रिलच्या शेवटच्या आठवड्यात कसबा बावड्याच्या न्यायसंकुलात दावा दाखल झाला. रक्कम पाच लाखांच्या वर, म्हणून वरिष्ठ स्तर न्यायाधीशांकडे विशेष दिवाणी दावा. कोर्ट फी ऑनलाइन चलनाने भरली. ती, वकील फीचा पहिला हप्ता, टायपिंग आणि झेरॉक्स मिळून त्या दिवशी ३५,००० च्या वर गेले. संपूर्ण प्रकरणाची वकील फी ४५,००० ठरली होती, तीन टप्प्यांत. हे आधीच बोलून घ्या आणि शक्यतो कागदावर घ्या. वचनचिठ्ठीवर दावा असल्याने समरी पद्धतही मोकळी होती, जिथे प्रतिवादीला बचावासाठी आधी कोर्टाची परवानगी लागते. पण सही नाकारलेली, वारसांत एक अज्ञान (अल्पवयीन), म्हणजे बचावाची परवानगी मिळणारच. मग त्यात वेळ घालवण्यापेक्षा साधा दावा बरा, असं मॅडमचं मत पडलं. दावा नोंदला की १६ अक्षर-अंकांचा सीएनआर नंबर मिळतो. तो ई-कोर्ट्स अ‍ॅपमध्ये टाकला की पुढची तारीख घरबसल्या दिसते. वकिलांना उठसूट फोन करावा लागत नाही.

त्यानंतरचे आठ महिने समन्समध्ये गेले. कोर्टाच्या नाझर कार्यालयात समन्स बजावण्याचा भत्ता भरायचा, बेलीफ समन्स घेऊन जाऊन येतो, शेरा मारतो. सांगलीच्या मुलीचं समन्स तिकडच्या कोर्टामार्फत गेलं आणि 'पत्त्यावर राहत नाही' म्हणून परत आलं. नवा पत्ता शोधला, पुन्हा भत्ता. मुलाच्या नावापुढे 'अज्ञान, अ. पा. क. आई' असं लिहिलेलं असतं. म्हणजे अज्ञान पालनकर्ती आई. पण नुसतं लिहून चालत नाही, पालक नेमण्याचा वेगळा अर्ज करून कोर्टाचा हुकूम घ्यावा लागतो. तो न घेता हुकूमनामा (दाव्याचा अंतिम निर्णय) झाला तर मुलगा सज्ञान झाल्यावर तो उलटवू शकतो.

याच काळात पाचगावच्या प्लॉटवर 'विकणे आहे' असा फलक लागला. फलकाचा फोटो तारखेसह काढला आणि मॅडमनी मनाईचा अर्ज दिला. पैशाचा दावा चालू आहे एवढ्यावर मिळकतीची विक्री थांबत नाही, हे मला तेव्हा कळलं. ती हाताबाहेर जाण्याची शक्यता पुराव्यानिशी दाखवावी लागते. समोरच्या वकिलांनी लढत न बसता, कोर्टाच्या परवानगीशिवाय प्लॉट विकणार नाही अशी हमी लिहून दिली. माझ्या दृष्टीने दाव्यातला सगळ्यात मोलाचा कागद तो होता.

मार्च २०२३ मध्ये कैफियत, म्हणजे समोरच्यांचं लेखी उत्तर, आली, पावसाळ्यात कोर्टाने वादाचे मुद्दे काढले. माझं सरतपासणीचं, म्हणजे माझ्या साक्षीचं, प्रतिज्ञापत्र सप्टेंबरात दाखल झालं. सोबत बँकेचा खातेउतारा होता. तो साधा प्रिंट चालत नाही, बँकेने बँकर्स बुक्स एव्हिडन्स कायद्याखाली दाखला जोडून द्यावा लागतो. शाखेत अर्ज दिला तर मिळतो, थोडा पाठपुरावा लागतो. मित्राचे व्हॉट्सअ‍ॅप संदेश होते, 'दिवाळीनंतर बघतो, राग धरू नको' अशा धर्तीचे. त्यांना इलेक्ट्रॉनिक पुराव्यासाठी तेव्हाच्या पुरावा कायद्याचं ६५-ब चं प्रमाणपत्र जोडलं. फोन बदलला असता तर हे संदेश पुराव्यात आणणं अवघड झालं असतं, म्हणून तो जुना फोन मी आजही जपून ठेवला आहे.

उलटतपास जानेवारी २०२४ मध्ये झाला. पिंजऱ्यात उभं राहिलं की घशाला कोरड पडते. समोरच्या वकिलांनी वचनचिठ्ठी हातात घेतली, उजेडाकडे धरली, तिकिटावरची सही निरखली. सही अर्धी तिकिटावर, अर्धी कागदावर गेलेली, शाई निळी.

"तुमच्याकडे सावकारीचा परवाना आहे का?"

"नाही."

"व्याज किती घेत होता?"

"घेत नव्हतो."

"सात लाख रुपये बिनव्याजी? कुणाचा विश्वास बसेल?"

"त्याचा आणि माझा होता, साहेब."

ते आधी ठरवून दिलेलं उत्तर नव्हतं, तोंडातून निघून गेलं. न्यायाधीशांनी नोंद घेताना क्षणभर वर बघितलं. नंतर मॅडमनी सावकारीचा प्रश्न का येतो ते सांगितलं. महाराष्ट्र सावकारी (नियमन) अधिनियम, २०१४ प्रमाणे विनापरवाना सावकारी करणाऱ्याच्या बाजूने कोर्ट हुकूमनामा देऊ शकत नाही. एका मित्राला एकदा दिलेले बिनव्याजी पैसे म्हणजे सावकारीचा धंदा होत नाही, पण ते दिसलं पाहिजे. माझ्या खात्यात दरमहा कुणाकडून येणारी रक्कम नव्हती, हा उतारा त्यासाठी उपयोगी पडला. सही नाकारली होती, म्हणून त्याच्या बँकेतून नमुना सही मागवण्याचा अर्ज आम्ही दिला. सही शाबीत झाली की मोबदला मिळाला असं कायदा गृहीत धरतो, उलट शाबीत करणं समोरच्यावर येतं. त्या अर्जानंतर समोरच्या बाजूचा सूर बदलला.

त्या दिवशी कोर्टाबाहेर वहिनी एकट्या उभ्या होत्या. मी नमस्कार केला. त्या म्हणाल्या, "भाऊजी, आमचं घर जाणार का? सगळे म्हणतात तुम्ही घरावर जप्ती आणणार." दोन वर्षं त्या या भीतीत जगत होत्या. नोटिशीतले, वादपत्रातले ते शब्द त्यांना कुणी वाचून दाखवलेच नव्हते. मी तिथेच उभ्या उभ्या सांगितलं की तुमच्या फ्लॅटला, पगाराला माझा दावा शिवतसुद्धा नाही. त्यांचा माझ्यावर विश्वास बसला की नाही कळलं नाही, पण पुढच्या तारखेला त्यांच्या वकिलांनी प्रकरण मध्यस्थीला पाठवायला संमती दिली.

मध्यस्थी केंद्र न्यायसंकुलातच आहे. वेगळे पैसे लागत नाहीत. एका टेबलाभोवती बसायचं, मध्यस्थ दोन्ही बाजूंशी एकत्र आणि वेगवेगळं बोलतात, आणि तिथे बोललेलं दाव्यात वापरता येत नाही. मध्यस्थ बाईंनी पहिल्याच बैठकीत दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम ५२ साध्या मराठीत सांगितलं. वारसांवरचा हुकूमनामा मयताच्या मिळकतीवरच बजावला जातो. पण त्याच कलमाचा दुसरा भागही त्यांनी सांगितला. मिळकत हाती आली आणि तिचं काय केलं याचा हिशेब वारस देऊ शकला नाही, तर तेवढ्या रकमेपुरता तो स्वतः जबाबदार होतो. हे ऐकल्यावर वहिनींच्या खांद्यावरचा ताण उतरलेला दिसला, आणि मशीन नेलेले धाकटे बंधू खुर्चीत सरळ बसले. आजींना घरून आणलं नव्हतं, आणू नका असं आम्हीच कळवलं होतं.

बैठका उन्हाळ्यापर्यंत चालल्या. ठरलं ते असं. मशीनपोटी भावाने दोन लाखांचा डीडी द्यायचा. प्लॉट विकून त्यातून ३१ मार्च २०२५ पर्यंत तीन लाख द्यायचे. व्याज आणि उरलेला एक लाख मी सोडला. मुलाच्या शिक्षणाचा खर्च डोळ्यांसमोर होता आणि आणखी चार-पाच वर्षं अपील आणि दरखास्त (हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज) करत बसायची माझी तयारीही नव्हती. मुलगा अजून सतरा वर्षांचा, त्यामुळे तडजोडीला कोर्टाची वेगळी परवानगी लागली. तडजोड अज्ञानाच्या हिताची आहे असं त्याच्या पालकाचं प्रतिज्ञापत्र आणि वकिलांचा दाखला द्यावा लागतो. हे राहिलं तर तडजोड त्याच्यापुरती कच्ची राहते, घाईत विसरू नका.

सप्टेंबर २०२४ च्या राष्ट्रीय लोकअदालतीत तडजोडनाम्यावर सह्या झाल्या. लोकअदालतीतल्या निवाड्याला हुकूमनाम्याचा दर्जा असतो, त्यावर अपील नाही, आणि भरलेली कोर्ट फी परत मिळते. भावाने डीडी त्याच दिवशी दिला. तडजोडनाम्यात आम्ही दोन वाक्यं मुद्दाम घातली होती. प्लॉटच्या खरेदीदाराने माझे तीन लाख थेट माझ्या नावाच्या डीडीने द्यायचे, आणि तारीख चुकली तर मला दरखास्त दाखल करायची मुभा राहील. तडजोडीत रक्कम लिहितात, ती कुणाच्या हातून आणि केव्हा येणार हे लिहायचं राहून जातं आणि मग पुन्हा तारखा सुरू होतात.

खरेदीखत मार्च २०२५ मध्ये झालं. दुय्यम निबंधक कार्यालयात मी गेलो, डीडी घेतला. वहिनींनी चहाला थांबायला सांगितलं, थांबलो. मुलगा आता इंजिनिअरिंग डिप्लोमाला आहे, वडिलांसारखंच मशीनकडे ओढा आहे म्हणाल्या.

पैसे आले म्हणजे प्रकरण संपलं असं नाही. कोर्टाबाहेर मिळालेली रक्कम कोर्टाच्या दप्तरी नोंदवून घ्यावी लागते. एप्रिलमध्ये मी संपूर्ण रक्कम मिळाल्याची पुरशिस (कोर्टाला द्यायचं लेखी निवेदन) दिली, प्लॉटवरची हमी संपल्याची नोंद करून घेतली आणि निवाड्याची व पुरशिसची सही-शिक्क्याची नक्कल वहिनींना दिली, कारण खरेदीदाराची बँक ती मागत होती. कोर्ट फी परताव्यासाठी कोर्टाचा दाखला लागतो, तो अर्ज वेगळा करायचा. माझा परतावा यायला दिवाळी उजाडली.